बेटावरचं बिनछपराचं घर

संदीपने त्याच्या वडिलांना फसवलं आणि ते माझ्या हातून करवून घेतलं. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे घोळ नको.

लोणावळ्यात माझं दुकान आहे. व्हिला आणि रिसॉर्टमध्ये गेमिंग रूम लावून देणं हा धंदा. मोठा टीव्ही, गेम चालवणारी पेटी म्हणजे कन्सोल, दोन कंट्रोलर, वायरिंग, नेट. त्याआधी नवलाख उंबऱ्याजवळच्या एका कारखान्यात बारा वर्षं लाइनवर होतो. सुपरवायझरशी भांडून बाहेर पडलो. हे काम मला कुणी शिकवलं नाही. पुण्याचे व्हिलावाले घासाघीस करायला येतात आणि चहा पिऊन माझ्या अटींवर परत जातात. मला कुणी गंडवलेलं नाही, असं मी गेल्या वर्षापर्यंत चारचौघांत सांगायचो.

या धंद्यातली एक गोष्ट बाहेरच्यांना माहीत नसते. जोडीने खेळायचा गेम तपासायला दुसरा माणूस लागत नाही. एक कंट्रोलर उजव्या हातात, एक डाव्या. पडद्यावर दोघं चालले, एकमेकांना वस्तू देता आली, की काम ओके. सोफ्यांवरची प्लास्टिकची कव्हरं अजून निघालेली नाहीत अशा रिकाम्या व्हिलांमध्ये मी जोडीचे किती खेळ एकट्याने खेळलोय, त्याला गणती नाही. मग लोकलने घोरावाडी स्टेशनला उतरतो आणि घराचं कुलूप मीच उघडतो. बायको जाऊन सहा वर्षं झाली. असो.

माघात लोणावळ्याजवळच्या औंढ्याहून आबांचा, म्हणजे संदीपच्या वडिलांचा, फोन आला.

"बाळू, टीव्ही बिघाडलाय रं. समदं धुकट दिसतंया."

"कधीपासून?"

"धा-बारा दिस झालं. तू ये लवकर. पोरगं तितं एकटं बसलंय बर्फात."

आबा शेतकरी, माझ्या जुन्या ओळखीचे. गुडघ्याचं ऑपरेशन झाल्यापासून शेत पुतण्या बघतो. बायको नाही. एकच मुलगा, संदीप, कॅनडात सॉफ्टवेअरमध्ये. दोन वर्षांपूर्वी तो सुट्टीला आला तेव्हा टीव्हीवर एक गेम खेळत बसायचा. आबा मागून बघायचे. एक दिवस त्यांना राहवलं नाही. "लाकडं अशी रचत्यात व्हय? खालनं हवा कुटनं येनार?" म्हणाले आणि कंट्रोलर त्याच्या हातातून काढून घेतला. तिथून त्यांना नाद लागला.

गेम साधा आहे. माणूस अंगावरच्या कपड्यांनिशी एका बर्फाळ बेटावर पडतो. लाकूड तोडायचं, शेकोटी विझू द्यायची नाही, मासे धरायचे, घर बांधायचं. जगायचं, एवढाच खेळ. अशा खेळाला सर्व्हायव्हल म्हणतात. औंढ्याच्या माणसाला त्यात नवीन काय, असं आबाच म्हणायचे.

सुरू करतानाच गेम एक प्रश्न विचारतो. मोड कोणता? को-ऑप म्हणजे जोडीचा. त्यात दुसऱ्या टोकाला खराखुरा माणूस असतो, शेजारी नाहीतर परदेशात. दुसरा सिंगल. त्यात तुम्ही एकटेच असता. सोबतीला गेम एक साथीदार देतो, तो माणूस नसतो, मशीनच त्याला चालवतं. चित्राचं बटण दाबलं की तो लाकूड आणतो, पाणी आणतो. त्याला हवं ते नाव देता येतं. आणि एकदा मोड निवडला की त्या बेटावर तो बदलत नाही. बदलायचा तर नवीन बेट सुरू करावं लागतं.

भाद्रपदात संदीपने कन्सोल पाठवला आणि मला फोन केला. मी औंढ्याला जायला तयार होतो. पण माझी अट होती.

"मी सुरू करून देणार तेव्हा तू लाइनवर पाहिजेस. बाप-लेक खेळताना बघून मगच मी निघणार."

"काका, माझ्या वेळा विचित्र आहेत."

"मग दुसरा माणूस बघ."

"बरं, बरं. येतो लाइनवर."

अट मान्य करून घेतली म्हणून मी खूश. ठरल्या वेळी तो आला लाइनवर, पण गेममध्ये नाही, फोनवर. "काका, मीटिंग लागली. आणि तिथे रेंज कुठे आहे? को-ऑप हँग होईल. सध्या सिंगल करा. साथीदाराला माझं नाव टाका, आबांना बरं वाटेल. दिवाळीपर्यंत फायबर येईल गावात, मग नवीन बेट सुरू करू."

मी सिंगल दाबलं. नावाच्या जागी 'संदीप' टाइप केलं. सौदा जिंकल्याच्या आनंदात माल तपासायचा राहिला. फायबर दिवाळीत आलं. नवीन बेट सुरू करायला मला कुणी बोलावलं नाही, आणि मीही विचारलं नाही.

तर माघात मी मोटारसायकल काढून गेलो. टीव्ही लावला. चित्र आरशासारखं स्वच्छ. केबल बदलून बघितली, पुन्हा तेच. मग भिंतीवरचं कॅलेंडर दाखवून विचारलं, "आबा, आज वार कोणता लिहिलाय?"

ते उठून कॅलेंडरला नाक लावून उभे राहिले.

"टीव्हीला काही झालं नाही. तुमच्या डोळ्याला झालंय."

"मोतीबिंदू हाय ते ठावं हाय मला. पर इतकं धुकट टीव्हीमुळंच आसंल म्हनलं. डाक्टर दिवाळीपास्नं मागं लागलाय."

"मग करत का नाही?"

"करून? पंधरा दिस टीव्ही बघायचा न्हाई म्हनतोय त्यो. रोज चार वाजता संदीप येतो. मी न्हाई आलो तर त्यानं काय करायचं तितं? शेकोटी इझली तर मरंल की."

मला वाटलं, फायबर आल्यावर दोघांनी परस्पर नवीन बेट सुरू केलं असेल, संदीपच्या वेळा बघून काही जमवू. म्हणून गेम उघडला. बेटावर एक घर होतं. पक्कं. छप्पर, कुंपण, मासे वाळवायची मांडणी, दारात रचलेली लाकडं. त्याच्या बाजूला नुसते चार खांब. छप्पर नाही, भिंत नाही. खांबांच्या मध्ये एक अंथरूण आणि त्यावर बर्फ.

"हे पक्कं घर तुमचं?"

"न्हाई, त्ये संदीपचं. माजं ह्ये."

"इतके महिने झाले आबा. छप्पर नाही?"

"आदी मी त्याच्याकडं गेलतो कामाला. त्याचं घर उभं केलं. आता त्यो यील माज्याकडं. इर्जिक म्हंजे काय असतंय मग?"

इर्जिक आमच्या मावळात सगळ्यांना ठाऊक. आज गाव माझ्या खाचरात उतरतं, उद्या मी तुमच्या खाचरात. मजुरी नाही, जेवण असतं. आणि कुणी कुणाला बोलवायला जात नाही. ज्याचं काम झालं, तो आपणहून जातो.

"बटण दाबून सांगा की त्याला."

आबांना राग आला. "लाकडं आन म्हनून सांगतो मी. माज्या घरावर ये म्हनून सांगायचं असतंय व्हय? मजूर हाय का त्यो?" मग पडद्याकडे बोट दाखवून म्हणाले, "पोरगं लय गुनी झालंय पर. लहानपनी एक काम ऐकायचं न्हाई. आता काय बी सांगा, न्हाई म्हनत न्हाई. भांडत बी न्हाई."

औंढ्यात वाढलेला मुलगा, इतके महिने बापाला एकदाही नाही म्हणत नाही. आणि बाप उघड्यावर झोपतो तरी हा मुलगा आपणहून छपराला हात लावत नाही. मी सेटिंग उघडली. वर लिहिलं होतं, सिंगल.

"तो बोलतो का तुमच्याशी? गेममध्ये?"

"तितं पहाट असती. घरातली निजलेली असत्यात. त्यानंच सांगितलं, आबा, तुमी चित्रं दाबा, मी करतो. म्हनून फोन बी करत न्हाई आता. म्हनतो, रोज भेटतोच की आपण."

सांगायला मी तोंड उघडलं होतं. आबा हाताने पडदा पुसत होते, अजून टीव्हीवरच धूळ आहे असं वाटून. मी बाहेर अंगणात जाऊन कॅनडाला फोन लावला.

"संदीप, पाच महिने तुझा बाप मशीनबरोबर खेळतोय."

"काका, सेटअप तुम्हीच केलाय."

"तुझ्या सांगण्यावरून!"

"बटण कुणी दाबलं?"

"मी दाबलं. नाव कुणाचं टाकलं?"

"आबा खूश आहेत ना? मग प्रॉब्लेम कुणाला आहे?"

"त्यांच्या डोळ्याला." मोतीबिंदूचं सगळं सांगितलं. माझा आवाज इतका चढला की शेजारच्या गिरणीतली बाई दळण सोडून दारात आली.

"मला माहीत नव्हतं, काका."

"फोन केला असतास तर कळलं असतं. आता ऐक. मी को-ऑपचं नवीन बेट सुरू करतो. तू स्वतः यायचं. रोज एक तास."

"नाही जमणार."

"आठवड्यातून दोनदा."

"काका, पहाटे उठून मी..."

"रविवारी. फक्त रविवारी, आपल्याकडे चार वाजता. अर्धा तास. आल्यावर आधी आबांना सांगायचं, तू नव्हतास म्हणून. मग डोळ्याचं सांगायचं."

"पंधरा मिनिटं."

"अर्धा तास."

"ओके, काका. अर्धा तास."

पुन्हा मीच जिंकलो.

रविवारी साडेतीनलाच पोचलो. आबांनी धुतलेला सदरा घातला होता. नवीन बेट म्हटल्यावर ते कुरकुरले. "आन मग त्याचं जुनं घर?" म्हटलं, जसंच्या तसं राहील, पुसलं जाणार नाही. को-ऑप निवडलं. पडद्यावर आलं, दुसऱ्या खेळाडूची वाट पाहत आहे. त्या अक्षरांच्या खाली तीन ठिपके एकामागून एक पेटतात आणि विझतात. दुसरा येईपर्यंत बेट सुरूच होत नाही.

चार वाजले. सव्वाचार. मी फोन केला, बंद. मेसेज केला, एकच टिक.

"आला का?" आबा विचारत होते.

"येतोय. नेट हळू आहे."

साडेचार. "आला का रं?"

दुसरा कंट्रोलर माझ्या पिशवीत होता. तो नेहमीच असतो. दुसऱ्या खेळाडूची जागा त्यानेही भरता येते. मी आबांच्या मागे खाटेवर बसलो, कंट्रोलर टॉवेलखाली घेतला आणि बटण दाबलं. गिरणी चालू होती, बटणांचा आवाज त्यात गेला. बाकीचं त्यांच्या मोतीबिंदूने झाकलं.

"आला!" आबा म्हणाले.

आबांनी काही सांगायची मी वाट पाहिली नाही. झाडं तोडली आणि ओंडके आबा उभे होते तिथेच नेऊन टाकले. खांब पुरले. आबांचा कंट्रोलर हातातच राहिला.

"बाळू, बघ. माज्याकडं आलाय आज. न सांगता."

"बघतोय."

मी दार उत्तरेला काढलं. आबा ओरडले, "तिकडनं वारं येतंय! दक्षिनंला काढ!" मी हटलो नाही. तापट माणूस आहे, उत्तरेलाच काढलं. त्यांनी ओंडका काढून टाकला, मी परत बसवला. त्यांनी परत काढला. आणि ते हसायला लागले. खोकला येईपर्यंत हसले.

"लय दिसांनी भांडला माज्याशी."

छप्पर पुरं झालं तेव्हा आबा पडद्याजवळ सरकून हळू आवाजात म्हणाले, "संदीप, डोळं करायचं म्हनतोय मी. पंधरा दिस येनार न्हाई. ऱ्हाशील का एकटा?"

या गेममध्ये मान हलवून हो म्हणायचं एक बटण आहे. मी ते दाबलं.

"व्हय म्हनतोय," आबा मला म्हणाले. माझ्याकडे न बघता.

तळेगावात ऑपरेशन झालं. सोबत मी होतो. फॉर्मवर नातं लिहायचा रकाना होता, तिथे मी 'परिचित' लिहिलं. डोळा उत्तम झाला. परवा आबांचा फोन आला. समोरच्या डोंगरावरची गुरं मोजता येतात म्हणाले. डॉक्टरांनी टीव्हीला परवानगी दिली आहे. "रविवारी ये, बाळू. तुला बी दावतो, पोरगं कसं काम करतंय."

धंद्यात पडणाऱ्या नव्या लोकांना एवढंच सांगेन. गिऱ्हाईक मोड सांगेल तो लगेच दाबू नका. दुसऱ्या टोकाला कोण बसणार ते आधी विचारा, आणि तो बसलेला दिसल्याशिवाय निघू नका. मी निघालो. मशीनला माणसाचं नाव पहिल्यांदा दिलं ते नकळत. दुसऱ्यांदा मी स्वतःच ते नाव लावून बसलो, ते समजून-उमजून. माझ्या वाट्याचं मी आबांना रविवारी सांगणार आहे.

पण संदीप, तुझ्या वाट्याचं मी सांगणार नाही. दुसरा कंट्रोलर मी दुकानात ठेवून जाणार आहे. चार वाजता पडद्यावर ते तीन ठिपके पेटतील आणि विझतील. आबांना आता ते नीट दिसतील. ते विचारतील, "आला का?" याचं उत्तर तू द्यायचं आहेस. मला नाही, त्यांना. चित्र दाबून नाही, तोंडाने.