मिसेस मोरींचे आजोबा

“हेही नाहीत,” मिसेस मोरी म्हणाल्या.

हवालदार झाला, सावकार झाला, आता नायकही बाद. पडद्यावरचे पुरुष संपले होते आणि बारा वाजता व्ह्यूइंग रूम दुसऱ्या कुणाला द्यायची होती.

२००५च्या सुमाराची गोष्ट. ब्रिस्टलच्या एका फिल्म आर्काइव्हमध्ये मी जुन्या फिल्म दुरुस्त करतो. फाटलेलं जोडायचं, धूळ काढायची, कॉपी बनवायची. बायकोच्या मते हे शिंपीकाम, फक्त कपडे मिळत नाहीत.

मिसेस मोरी सत्तरीच्या, केंब्रिजहून आलेल्या. त्यांचे आजोबा जपानी मूकपटांत नट होते. घरी एकही फोटो उरला नव्हता. या एका चित्रपटात ते आहेत, एवढंच एका अभ्यासकानं कळवलं होतं. आजोबांचा चेहरा बाईंनी कधीच पाहिला नव्हता.

“आई सांगायची, ते माझ्याएवढ्याच उंचीचे होते. आणि त्यांना बघून लोक रडायचे.”

पडद्यावर मात्र सगळे कोंबड्यांसारखे तुरुतुरु पळत होते. हे बघून कोण रडणार? तेव्हा कुठे माझी ट्यूब पेटली. त्या काळी कॅमेऱ्याचं हँडल हातानं फिरवायचे. ती फिल्म हल्लीच्या वेगानं चालवली, की माणसं पळतात. वीस वर्षांच्या अनुभवानंतर मी वेग बदलायलाच विसरलो होतो!

वेग कमी केला. नायिका दारात आली, क्षणभर थांबली आणि हळूच वळली.

तेवढ्यात आमची बॉस हेलन दारात. “रूम हवी आहे रे मला...” ती पडद्याकडे बघतच राहिली. “मिसेस मोरी, तुम्ही सिनेमात होतात?”

“मी?”

“ही हनुवटी तुमचीच आहे की!”

मी कपाळावर हात मारला. “मिसेस मोरी, तेव्हा बायकांची कामं कोण करायचं?”

त्यांनी तोंडावर हात धरला. “पुरुष. अगं बाई... पुरुषच!”

माझे स्वतःचे चुलत आजोबा नाटक कंपनीत स्त्रीपार्ट करायचे. शालू नेसलेला त्यांचा फोटो आमच्या पुण्याच्या घरी अजून आहे. आणि मी सकाळपासून मिशा तपासत बसलो होतो.

“परत लावता?” बाईंनी विचारलं.

“लाव रे,” हेलन म्हणाली. “बाराच्या लोकांना मी चहा पाजते.”

जेवणाची वेळ टळेपर्यंत आम्ही नायिकेचं ते दारात येणं आणि वळणं पुन्हा पुन्हा पाहत होतो. निघताना मी म्हटलं, “पुरावा नाही हो. कॅटलॉगमध्ये ‘बहुधा’ असंच लिहावं लागेल.”

“आजवर तेवढंही नव्हतं,” त्या हसून म्हणाल्या. डोळे मात्र पुसत होत्या. म्हणजे आजोबांचं काम अजून चालत होतं.

तेव्हापासून मी फिल्म लावताना आधी वेग बघतो. आणि कुणाचे आजोबा शोधायचे असतील, तर बायकांपासून सुरुवात करतो.