न बुडणारी वाटी

लातुरात क्लासांच्या गल्लीत साखराबाईंना सगळे 'वाटीवाली आज्जी' म्हणत. खानावळ मुलाची, वैजनाथची. भाकरी सुनेची, सिंधूची. नाव मात्र वाटीचं. सिंधूला हे फार रुचत होतं असं नाही.

वाटी जेवणाची नव्हे. तांब्याची, बुडाला सुईएवढं भोक असलेली, घटका मोजायची. पाण्यावर सोडली की भोकातून पाणी चढत जायचं आणि वाटी भरून बुडायची. एक घटका झाली. घड्याळं नव्हती तेव्हा निलंग्याकडच्या त्यांच्या गावात लग्नाचा मुहूर्त या वाटीवर लागे, आणि ती सांभाळायचा मान साखराबाईंचे सासरे धोंडप्पा यांचा. या वाटीपुढे काळही थांबतो अशी ख्याती होती. एकदा उदगीरकडून येणाऱ्या नवरदेवाच्या बैलगाड्या नदीत रुतल्या, तर तो मांडवात पाऊल टाकेपर्यंत वाटी बुडलीच नाही. नवरी धोंडप्पांची पुतणी होती आणि तेवढा वेळ धोंडप्पांचं एक बोट पाण्यात होतं. पण ते बघणारे सगळे वारले, ख्याती राहिली.

भूकंपात घर बसलं. घरातली दोन माणसं गेली, त्यांची नावं साखराबाई घेत नसत. ढिगाऱ्यातून वाटी मात्र धड निघाली. पुढे पत्र्याच्या शेडमध्ये दिवस काढले. जमीन अधूनमधून हलायची, पत्रे वाजायचे, पोरं झोपायला तयार नसायची. एका संध्याकाळी साखराबाईंनी बादलीत वाटी सोडली.

"ही तरंगून राहिली तवर धरणी हालत न्हाई. झोपा आता."

सोडण्याआधी त्यांनी भोकात मेणबत्तीचं मेण दाबलं होतं. वाटी सकाळपर्यंत तरंगली. पोरं झोपली, पोरांच्या आया झोपल्या, शेजारच्या शेडमधला नागप्पा तर असा घोरला, की त्या रात्री पत्रे वाजले ते त्याच्यामुळेच.

साखराबाईंनी मेण काढलं नाही. आधी पोरांसाठी काढलं नाही, मग लोकांसाठी, आणि पुढे त्यांच्याच मनाने घेतलं की काढायचं नाही. मेण आपणच लावलंय हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. आणि ते काढलं तर काहीतरी होईल, हेही तितकंच पक्कं ठाऊक होतं. बायकांच्या डोक्यात अशा दोन गोष्टी सुखाने नांदतात. पुरुषांच्याही नांदतात, पण ते त्याला अनुभव म्हणतात.

वैजनाथने लातुरात खानावळ काढली तेव्हा क्लास जोरात होते. 'पेपर येत होता, वेळ पुरला नाही,' हे वाक्य गल्लीत रोज ऐकू यायचं. वेळ थोपवणारी वाटी शेजारी असताना कोण सोडतंय? मुखेडचे, देगलूरचे आईबाप पोरांना परीक्षेआधी वाटीच्या पाया पडायला आणत आणि जाताना खानावळ लावून जात. म्हणून सिंधू गप्प होती.

मागच्या खोलीत मुबश्शिरा राहायची. कंधारची, वडील नजीर तिथे शिलाईकाम करत. पोरगी हुशार होती आणि घोळ तिथेच होता. गणित सुटलं तरी ती दुसऱ्या रीतीने पुन्हा सोडवून बघायची. परीक्षा पर्यायांची, चुकीला गुण कापत नव्हते. येत नसेल तिथे अंदाजाने गोल काळा करून सगळे मोकळे होत. हिला मात्र ते खोटं बोलल्यासारखं वाटे. दर रविवारच्या चाचणीत तिचा निम्मा पेपर कोरा.

शेवटी नजीरनी फोनवर सांगितलं, "या रविवारी मी येतो. पेपर पुरा झाला तर रहा. न्हाई तर बिस्तर बांधू, कंधारात बी कॉलेज हाय."

मुबश्शिरा रडली, मग डोळे पुसून साखराबाईंकडे आली. "आज्जी, वाटी माझ्याजवळ ठेवता का? सरावाला बसते."

साखराबाईंनी बादलीसकट वाटी नेऊन ठेवली. दुपार कलल्यावर डोकावल्या.

"किती गणितं झाली गं?"

"चौथं चालू हाय."

"सकाळच्यान?"

"वाटी कुठं बुडली अजून? येळ हाय, आज्जी."

स्वयंपाकघरातून सिंधू म्हणाली, "आत्याबाई, बघा. समद्यांचा येळ थोपवता थोपवता पोरीचं वरीस थोपवून ठिवलं तुमच्या वाटीनं."

साखराबाई वाटी उचलून ओसरीवर आल्या, सुई घेऊन बसल्या. सुई भोकापर्यंत न्यायच्या आणि परत आणायच्या. मग सुई खाली ठेवून उठल्या.

"सिंधू, गॅस बंद कर आन भाईर ये."

"कामून?"

"म्या सांगते म्हणून. वैजनाथला बी काढ."

"ते न्हाणीत हाईत."

"तसाच काढ."

वैजनाथ टॉवेलवर, डोक्याला फेस, गल्लीत येऊन उभा राहिला. जेवायला बसलेली पोरंही ताटं घेऊन बाहेर. समोरच्या झेरॉक्सवाल्याने विचारलं, काय झालं. कुणालाच माहीत नव्हतं, म्हणून तोही येऊन उभा राहिला. मग साखराबाईंनी मेण कोरून काढलं आणि अंगणात, भिंतींपासून लांब, बादलीत वाटी सोडली.

बराच वेळ काही झालं नाही. फेस वाळून वैजनाथच्या डोक्याला खाज सुटली. वाटी हळूहळू जड होत गेली, कडेला पाणी आलं आणि ती डुबकन खाली गेली.

"बुडाली, आत्याबाई," सिंधू म्हणाली.

साखराबाई उकिडव्या बसल्या होत्या, तळहात जमिनीवर टेकून. जमीन गप्प होती.

"आता जाऊ का आत?" वैजनाथने विचारलं. "निम्मी आंघोळ राहिलीय."

"जा की. तुला कोण धरून ठिवलंय?" त्या म्हणाल्या, पण हात उचलायला त्यांना आणखी थोडा वेळ लागला. मग बादली उचलून त्या मुबश्शिराकडे गेल्या.

"आता ही बुडती. बुडली की पान उलटायचं. गणित पटलं न्हाई तरी उलटायचं."

"अर्धवट सोडून?"

"आमी गाव सोडलं, तुला गणित सोडवंना?"

पहिल्यांदा वाटी बुडली तेव्हा मुबश्शिरा रुसली. पुढे पुढे वाटीवरच चिडली. शनिवारी वाटी बुडायच्या आत पान उलटून मान वर करायला लागली. साखराबाई वाटी पुन्हा रिकामी करून सोडत राहिल्या. गल्लीत बातमी पसरली होती. वाटी बुडते म्हटल्यावर पाया पडणारे कमी झाले, आणि सिंधूने वांगी कमी आणायला सांगितली.

रविवारी नजीर आले ते मुलीच्या सामानासाठी रिकामी पिशवी घेऊनच. ओसरीवर बसले, पाणी प्यायले, घड्याळ बघत राहिले. मुबश्शिरा आली ती शाईच्या बोटांनी.

"पुरा झाला, अब्बू."

"समदा?"

"एक बी कोरा न्हाई."

"बरोबर किती?"

मुबश्शिरा घुटमळली. "शेवटचे धा-बारा तर चुकलेच असतील."

नजीरनी साखराबाईंकडे बघितलं. शर्टाची एक बाही आखूड शिवली गेल्यावर गिऱ्हाईक बघतं, तसं.

"चुकू द्या की, नजीरभाऊ," साखराबाई म्हणाल्या. "चुकायला तरी येळ पुरला तिला."