त्याच्या आलेखातला वाक

परभणीच्या कॉलेजात, द्रावण किती आम्ल आहे ते आकड्यात दाखवणारा पीएच मीटर पहिल्यांदा पाहिला तेव्हा तो लाकडी पेटीत, पिवळ्या फडक्यात गुंडाळलेला होता. सरांनी तो टेबलावर मांडला, त्याचा इलेक्ट्रोड आम्लाच्या बीकरमध्ये सोडला आणि वरच्या ब्युरेटमधून, म्हणजे खुणा असलेल्या काचनळीतून, कॉस्टिक सोड्याचं अल्कली द्रावण थोडं थोडं पडू दिलं. टायट्रेशन आम्हाला नवं नव्हतं. आम्लात अल्कली टाकत जायची, गुलाबी रंग टिकला की थांबायचं आणि ब्युरेट वाचायची. त्यात शेवट तेवढा दिसायचा. मीटरने मधला सगळा प्रवास दाखवला.

काटा बराच वेळ दोनच्या आसपास, तीव्र आम्लाच्या आकड्यावर, रेंगाळत होता. इतकी अल्कली पोटात जाऊनही आम्लाला काही वाटतच नव्हतं. मग तो जरा सरकला. आणि मग मोजके थेंब असे पडले, की तो चारवरून थेट नवाच्या पुढे गेला. सर एकेक आकडा आलेखावर मांडत होते; त्या कागदावर आडवी चालत आलेली रेघ भिंतीसारखी उभी राहिली आणि वर जाऊन पुन्हा आडवी झाली. पुढे आयुष्यभर मी हेच शिकवलं, तरी ती भिंत उभी राहताना पाहिली की अजूनही माझे शब्द थांबतात.

मीटरवर काम करायला सरांनी दोघांना निवडलं, मला आणि माझ्या खोलीतल्या मित्राला. तो चारठाण्याकडच्या खेड्यातला, बौद्ध कुटुंबातला. आईवडील मजुरीला जात, आणि त्या घरातून सायन्सला आलेला तो पहिलाच. माझ्या घरी मानवतजवळ जमीन होती. ज्याचं काम चोख होईल त्याचं नाव प्रयोगशाळेत प्रात्यक्षिकं घेणाऱ्या डेमॉन्स्ट्रेटरच्या जागेसाठी पाठवू, असं सर उघड म्हणाले होते. जागा एकच होती.

माझा आलेख आधी झाला. भिंत सरळ आली. त्याची पाळी आली तेव्हा डिस्टिल्ड, म्हणजे वाफ थंड करून मिळवलेलं शुद्ध पाणी संपलं होतं. वर्ष दुष्काळाचं. वाफ थंड करायलाही पाणी लागतं, आणि ते नसल्याने कॉलेजचं यंत्र बंद पडलेलं. सरांनी मला स्टेशनकडच्या बॅटरीच्या दुकानातून एक कॅन आणायला पाठवलं. येताना रेल्वे फाटकात सायकल रुळांवरून उडाली, कॅरियरला बांधलेली ट्यूबची पट्टी सुटली, कॅनचं झाकण निघालं आणि सगळं पाणी धुळीत गेलं. घागरी घेऊन टँकरची वाट बघत बसलेल्या बायांपैकी एक म्हणाली, "लय झालंय का रे बाबा पाणी तुला?"

दुकानातला तो शेवटचा कॅन होता. सरांना काय सांगायचं ते सुचेना. हॉस्टेलच्या विहिरीत तळाला थोडं पाणी होतं, ते मी फडक्यातून गाळून कॅनमध्ये भरलं. दिसायला अगदी नितळ. त्याच पाण्यात मेसची डाळ शिजत नसे आणि साबणाला फेस येत नसे, हे मला ठाऊक होतं. पण आम्ल पातळ करायलाच तर वापरायचं आहे, असं मी स्वतःला समजावलं.

बीकरमध्ये आम्ल थोडंच असतं. इलेक्ट्रोड बुडावा म्हणून त्यात पाणी घालावं लागतं. त्याने ते माझ्या कॅनमधून घातलं. त्याची रेघ आडवी निघाली, वर चढू लागली आणि मध्येच कलली. चढणीवर कोणी दम खायला बसावं तशी साडेसहाच्या आसपास रेंगाळली, मग पुढे गेली. त्याने पुन्हा केलं. वाक पुन्हा तिथेच. सरांनी तो कागद वर्गापुढे धरला आणि हात स्थिर नसला की असं होतं, म्हणाले. वर्ग हसला. त्या हसण्यात आणखी काय मिसळलं होतं ते मला तेव्हाही कळत होतं. पुढे मेसमध्ये त्याचं नाव ‘वाकडी रेघ’ पडलं.

तो गप्प बसला नाही. एका दुपारी मला प्रयोगशाळेत घेऊन गेला. बीकरमध्ये नुसतं कॅनमधलं पाणी घेतलं आणि वरून आम्ल सोडायला लागला. डिस्टिल्ड पाण्यात दोनचार थेंबांतच काटा खाली कोसळायला हवा. हे पाणी थेंबामागून थेंब गिळत होतं आणि काटा हलायला तयार नव्हता.

"हे पाणीच काहीतरी करायलंय," तो म्हणाला. "कुठून आणलंस?"

"बॅटरीच्या दुकानातून."

त्याने माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत संशय असता तर बरं झालं असतं.

"तू म्हणतोस तर माझंच काहीतरी चुकलं असंल," तो म्हणाला, आणि बीकर धुऊन ठेवला. दुसऱ्या दिवशी त्याने सरांना जाऊन तसंच सांगितलं. नाव माझं गेलं. जागा मला मिळाली.

तो वाक काय होता ते मला डेमॉन्स्ट्रेटर झाल्यावर पुस्तकांतून उमगलं. विहिरीच्या पाण्यात क्षारांमधलं बायकार्बोनेट विरघळलेलं असतं. आम्लाने त्याचं कार्बॉनिक आम्ल केलं होतं, आणि अल्कली पडू लागल्यावर तेही आपला वाटा मागत होतं. म्हणून रेघ साडेसहापाशी रेंगाळली. हॉस्टेलच्या आवारातली, तळ गाठलेली ती विहीर. काळ्या मातीतून आणि खडकातून झिरपताना तिच्या पाण्याने जे उचललं होतं, ते सगळं त्या कागदावर आपल्या जागी उमटलं होतं. मी जे लपवलं ते पाण्याने सांगितलं होतं, आणि त्याच्या हाताने ते अचूक टिपलं होतं. हे समजल्यावरही मी त्याला काही कळवलं नाही. वर्षं गेली.

मागच्या हिवाळ्यात मी त्याच्या गावी गेलो. तो शाळेतून शिक्षक म्हणून निवृत्त झाला होता. अंगणात बसून मी सगळं सांगितलं, फाटक, विहीर, फडकं. जागेबद्दल तो काहीतरी बोलेल म्हणून मी मान खाली घालून बसलो.

"म्हणजे तो वाक खरा होता?" त्याने विचारलं.

"खरा होता."

त्याने स्वतःच्या हाताच्या बोटांकडे पाहिलं. मग घरात तोंड करून बायकोला म्हणाला, "ऐकलंस का, माझा हात बरोबर होता." आतून तिने, चहात साखर किती घालायची पाहुण्यांना, असं विचारलं.

मी माफी मागायला लागलो तर त्याने थांबवलं. "मला एकट्याला सांगून काय उपयोग? तवा सारा वर्ग हसला होता. लिहून काढ."

वर्गातले आता थोडेच उरलो आहोत. बाकीच्यांनी हे वाचावं. रेघ वाकडी नव्हती. पाणी विहिरीचं होतं, आणि ते मी भरलं होतं.