धुळीतले साडूभाऊ

एकाच वेळी पडद्यावर आणि पडद्यामागे हजर राहणारा माणूस अख्ख्या नगर जिल्ह्यात एकच झाला, आणि तो माझा थोरला साडू होता. गावच्या नाटकात ते राजा होत आणि प्रॉम्प्टरही होत. सिंहासनावर बसल्या बसल्या प्रधानाला त्याचं वाक्य सांगत आणि लगेच त्याच वाक्यावर संतापत. लग्नात पंगतीला बसले तरी दोन घास खाऊन उठायचे आणि वाढायला लागायचे. आक्का, म्हणजे त्यांची बायको, म्हणायची की ह्यांना घरचं तेवढं सोडून सगळी कामं येतात.

बाहत्तरच्या आसपास जामखेडजवळच्या त्यांच्या गावात सिनेमावाले आले, तेव्हा साडूभाऊंना स्वर्ग दोन बोटं उरला. आठवडाभरात ते बैल ठरवत होते, नटीला नऊवारी नेसवायला बाया गोळा करत होते, आणि गर्दीत उभंही राहत होते. एका लग्नाच्या प्रसंगात ते हौसेनं दोन्हीकडच्या वऱ्हाडात उभे राहिले. शेवटी दिग्दर्शकानं त्यांना एक वाक्य दिलं. वावटळ सुटलेली, पाटील दारात उभा, आणि धुळीतून गडी धावत येऊन म्हणतो, "पाटील, पोरगी घावली, हिरीवर हाय!" हे वाक्य त्यांनी महिनाभर बैलांनाही ऐकवलं.

आता ती वावटळ उठवायचं कामही त्यांच्याकडेच. मोठा पंखा होता, पण धूळ सोडायची कशी ते पुण्यामुंबईच्या मंडळींना ठाऊक नव्हतं. साडूभाऊंचा धान्य उपणण्यात हात धरणारा कोणी नव्हता. त्यांनी माती चाळून घेतली, तिवईवर चढले आणि सुपानं वाऱ्यावर धरली. एक सूप पुरे, असं सांगितलेलं. पण आपल्या प्रवेशाला कमीपणा नको म्हणून त्यांनी चार सोडली, सूप टाकलं आणि त्याच धुळीत धावत शिरले.

सिनेमा वर्षानं जामखेडच्या तंबूत लागला. कधी तंबूची पायरी न चढलेल्या आक्काला साडूभाऊंनी शपथा घालून आणलं होतं. ती माझ्या बायकोशेजारी बसली होती. पडद्यावर वावटळ सुटली. इतकी सुरेख धूळ मी आजवर सिनेमात पाहिली नाही. पण तिच्यात साडूभाऊ कुठेच दिसेनात. आवाज मागाहून मुंबईत भरलेला. न दिसणाऱ्या माणसाला आवाज कोण देणार? पाटील नुसताच धुळीकडे बघत राहिला. मला साडूभाऊंकडे बघवेना.

तेवढ्यात ते उठून उभे राहिले आणि खणखणीत आवाजात म्हणाले, "पाटील, पोरगी घावली, हिरीवर हाय!"

आणि पडद्यावरचा पाटील धावत सुटला. अख्ख्या तंबूनं टाळ्या वाजवल्या. आक्का माझ्या बायकोच्या कानाशी लागून म्हणाली, "आवाज ह्यांचाच हाय." आम्ही चार दिवस हसत होतो, आणि साडूभाऊ मात्र पुढचे तीनही खेळ तंबूत वेळेवर उभे राहून आले.

साडूभाऊ जाऊन आता बरीच वर्षं झाली. चैत्रात आक्काकडे गेलो की दुपारी अंगणात धूळ उठते. मग ती हातातलं निवडणं थांबवून म्हणते, "भाऊजी, तेवढं म्हना की." मी उभा राहून म्हणतो. माझा आवाज काही त्यांच्यासारखा नाही. आक्का तरीही दाराकडे बघते.