मागं जाण्याचं कलम

काळात मागं नेणारी यंत्रं निघालीच, तर ती श्रीमंतांनी बळकावू नयेत, म्हणून त्या यंत्रांचं तांत्रिक मानक, म्हणजे वापराच्या नियमांचं पत्रक, मी आधीच लिहून, छापून क्रांती चौकात वाटत होतो. यंत्राची वाट बघण्याइतकाही धीर माझ्या क्रांतीला नव्हता.

चहाच्या गाड्यावर वॉचमनच्या वर्दीतल्या एका म्हाताऱ्यानं ओळीखाली बोट फिरवत ते अख्खं वाचलं. असा वाचक मला पहिल्यांदाच भेटला.

"खासगी कामाला मागं जायाचं नाय व्हय?"

"नियम सगळ्यांना सारखा, काका."

"माय गेली तवा मी ड्युटीवर व्हतो. जरा उशाला बसून आलो असतो."

तत्त्वावरचं भाषण गिळून मी त्याच्या पत्रकावरचं ते कलम पेनानं खोडलं.

"सही बी करा," तो म्हणाला. "गेटावर लई अडवत्यात."