चारच्या आतलं बाळंतपण

माझा स्वभाव संशयी आहे, हे मी आधीच कबूल करते. नर्सच्या नोकरीत तो पुष्कळदा कामाला आला आणि एकदा त्यानं मला चांगलंच तोंडघशी पाडलं.

साठच्या दशकाचा शेवट असेल. नरडाण्याच्या पुढे एका खेड्यात माझी नेमणूक होती. एका दुपारी अडीचच्या सुमाराला शेतकऱ्याच्या घरून बोलावणं आलं, सुनेच्या दुसऱ्या बाळंतपणाचं. गावची म्हातारी सुईण आधीच येऊन बसली होती आणि तिच्या हातात पितळी पेला होता. पेला पाहताच माझ्या मनात पाल चुकचुकली.

पोटावर लाकडी नळी टेकवली, कान लावला आणि सेकंदकाटा बघत ठोके मोजले. मिनिटाला एकशे चाळीस. उत्तम. मग कळ आली आणि ठोके शंभरावर उतरले. एवढ्यानं मी घाबरत नाही. कळेत डोकं दाबलं जातं, ठोका मंदावतो, कळ ओसरली की पुन्हा जागेवर येतो. इथं कळ ओसरली तरी तो वर येईना. नव्वद, मग पंच्याऐंशी. आपण बाईचीच नाडी ऐकत नाही ना, म्हणून तिचं मनगट धरून पाहिलं. तिची नाडी एकशे दहाच्या वर पळत होती. म्हणजे मंदावत होतं ते बाळच. ते जरा सावरतंय तोच दुसरी कळ, तिच्या पाठोपाठ तिसरी. पोट सैल पडायला उसंतच नव्हती. अशा कळा सहसा आपोआप येत नाहीत.

"अक्का, काय पाजलंत हिला?" मी सुईणीला विचारलं.

"सोपानं पानी शे, बाई. तुम्ही पिसन देखा."

मी पेला अंगणात उपडा केला. बडीशेपेचा वास आला, तरी माझं समाधान झालं नाही.

बाहेर ओट्यावर सासरे पंचांग मांडीवर घेऊन बसले होते. घरात घड्याळ नव्हतं, त्यामुळे दर पाच मिनिटांनी दाराशी येऊन विचारत, "बाई, किती वाजनात? चारले मूळ लागी." मूळ नक्षत्रावर जन्मलेलं मूल बापाला वाईट, अशी त्या घराची पक्की समजूत. मी मनात म्हटलं, सापडले चोर. सासूला बाजूला घेऊन दरडावलं. तिनं देवाची शपथ घेतली, पण माझा काडीचाही विश्वास बसला नाही.

ठोका सुधारावा म्हणून बाईला डाव्या कुशीवर वळवलं, तेव्हा तिच्या कमरेखाली सुईची ताजी खूण दिसली. वर रक्ताचा ठिपका.

"माशी चावनी," ती म्हणाली.

मी सासूला बाहेर पाठवलं. सुईण तेवढी राहिली. मग बाईनं भिंतीकडे बघत सांगितलं, "मीच सुई लिधी. सासू पानीले गयथी, तवय कंपाउंडरले बलाई लिधं. पहिली पोर मुळवर व्हयनी. ती मामाघर शे. दोन वरीस व्हयनात, मले देखू देतस नही."

चोर सोडून संन्याशाला फाशी, हे मी केलं होतं. मला तिचा संताप आला आणि रडूही आलं.

आता कळा वाढवणाऱ्या त्या सुईचा जोर उतरेपर्यंत थांबणं भाग होतं. "जोर लावू नकोस, नुसती फुंकर घाल," मी म्हटलं. तिनं हो म्हणून मान हलवली आणि पुढच्या कळेत श्वास कोंडून गुपचूप जोर लावला. नळीत ठोका सत्तरावर आला. मी ओरडले तर तिनं माझ्याकडे असं पाहिलं, जणू मीसुद्धा सासरच्यांना सामील आहे. बोलून उपयोग नव्हता. मी तिचा हात ओढून घेतला आणि ऐकू येईल तसा ठोका तिच्या तळहातावर बोटानं वाजवू लागले. टक, टक. मग मोठी फट. मग टक. तिचा चेहरा उतरला. पुढची कळ आली तेव्हा तिनं ओठ पुढे काढून फुंकर घातली.

सुईण तिची पाठ चोळत राहिली. दाराशी येऊन वेळ विचारणाऱ्या सासऱ्यांना मी "थांबा, ठोके मोजतेय" एवढंच सांगत होते. कळा विरळ होत गेल्या आणि माझं बोट भरभर चालू लागलं. एकशे दहा, एकशे पंचवीस. माझं घड्याळ तिच्या डोळ्यांसमोरच होतं आणि ती चौथीपर्यंत शिकलेली होती. काटा चारच्या पुढे सरकताना तिनं पाहिला. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, पण जोर लावला नाही.

मी सांगितल्यावरच तिनं जोर लावला. चार वाजून दहा मिनिटांनी मुलगा झाला. आधी निळसर होता, पाठ चोळल्यावर रडला.

"बाई, किती वाजनात?" दाराबाहेरून सासऱ्यांनी विचारलं.

सुईण माझ्याकडे बघत होती. बाई बघत नव्हती, तिनं डोळे मिटून घेतले होते.

"चारला पाच कमी आहेत, आबा," मी म्हणाले.

पंचांग मिटल्याचा आवाज आला. मग सासूचं हसू, लगबग, गूळ कुठं ठेवला म्हणून शोधाशोध. मी बाळ आईच्या कुशीत दिलं. तिनं त्याला पोटाशी घट्ट धरलं, पण बघत राहिली माझ्याकडेच.

"पहिलीना येळले तुम्ही पाहिजे व्हत्यात, बाई," ती म्हणाली.