फोनमध्ये हसणारी बाई

बायकोला जाऊन वर्ष झालं, त्या दिवशी सकाळीच पोराने फोन माझ्यापुढे धरला. समाजाच्या ग्रुपवर त्याने पुण्यस्मरणाचा फोटो टाकला होता. तिचा धड फोटो एकच, पोरीच्या लग्नातला, आम्हा दोघांचा. त्यातून पोराने मला कापून काढलं. तिच्या खांद्यावर माझा हात उरला, तो काढायचं त्याने फोनलाच सांगितलं. फोनने हात काढला आणि हाताखालची बाई आपल्या मनाने भरून टाकली. वरून तिला हलवलंसुद्धा.

ती पापण्या मिटायची, मान वळवायची, आणि माझ्याकडे पाहून सगळे दात दाखवत हसायची. मग पुन्हा तेच. चहा निवला तरी तिचं सुरूच.

"हे तुही माय नाही गा," मी म्हणालो.

"असं काहून म्हणता, बाबा? चेहरा तर तोच हाय."

"लुगड्याचा काठ पाह्य."

ते लुगडं मी विणलं होतं. सुताच्या कांड्या तिने भरल्या होत्या. करवतीच्या दातांसारखा काठ, मागावर सुताचे तीन धोटे फेकून एकेक दात बसवावा लागतो. माझा हात होता तिथे ते दात मेणासारखे वितळून एकमेकांत गेले होते. कोणत्याच मागावर असं कापड निघत नाही.

"लोकं रडून राहिले, अन् तुम्ही काठ पाहून राहिले!" पोरगा चिडला. "आता दोनशे जणांनी पाहिलं. काढता येत नाही."

तेवढ्यात उमरेडहून मेहुणीचा फोन आला. बायकोची सख्खी बहीण. हुंदके देतच बोलली, "अगदी अशीच हसे जी, भाऊजी."

माझं डोकं फिरलं. बायको हसताना तोंडावर पदर घ्यायची. समोरचा दात पडला होता तिचा.

"तिचा तो दात नव्हता ना वं?" मी विचारलं.



"कोणता दात, भाऊजी?"

पोराला विचारलं. त्यालाही आठवेना. पेटीतून मूळ फोटो काढला, तर त्यात तिने तोंड मिटलेलं. म्हणजे तो पडलेला दात आता एकट्या माझ्याजवळ राहिला.

भिंतीला टेकून डोळे मिटले. तिला कांड्या भरताना आठवू म्हटलं. आलीच ती. चरख्याजवळ बसली होती. हळूच मान वळवली, माझ्याकडे पाहिलं, आणि सगळे दात दाखवून हसली.